खोपा बांधतो कोण?

बहिणाबाई चौधरींमुळे सुगरणीचा खोपा आपल्या खान्देशात घराघरात माहीत आहे. चोपड्याकडे विहिरीवर वाकलेल्या बाभळीला लोंबणारे खोपे मैत्रिणींनो तुम्हीही पाहिले असतील. नावच सुगरण, तेव्हा बांधणारी बाईच असणार, असं आपण धरून चालतो. खरा प्रकार काय, हे बसून पाहिलं ते पक्षीतज्ज्ञ डॉ. सालिम अलींनी.

१२ नोव्हेंबर १८९६ ला मुंबईत त्यांचा जन्म झाला. आई-वडील लहानपणीच गेले, मामा-मामींनी वाढवलं. १०-१२ वर्षांचे असताना त्यांनी छर्‍याच्या बंदुकीने एक चिमणी पाडली. तिच्या गळ्यावर पिवळा डाग! ही कोणती, हे विचारायला पोरगा बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीत गेला. तिथल्या मिलार्डसाहेबांनी त्याला पेंढा भरलेले कितीतरी पक्षी दाखवले, आणि पोरगा पक्ष्यांचाच झाला.

पण पक्ष्यांवर पोट कुठे भरतं? त्यात पदवी नाही. १९२६ मध्ये प्रिन्स ऑफ वेल्स म्युझियममध्ये नोकरी लागली. रजा घेऊन जर्मनीला शिकायला गेले, १९३० मध्ये परतले तर पैशाअभावी ती जागाच गेलेली. मग पत्नी तहमीना यांच्यासह ते अलिबागजवळ किहीमला राहायला गेले.

तिथे घराजवळच सुगरणींची वसाहत होती. हाताला काम नव्हतं, पण वेळ होता. आडोशाला बसून त्यांनी एकेका खोप्याची नोंद ठेवली. दिसलं ते असं. गवताच्या पात्यांच्या चिरफळ्या आणून विणतो तो नर. खोपा अर्धा झाला की पंख फडफडवत मादीला बोलावतो. ती येऊन खोपा पारखते. नाही पटला तर सरळ उडून जाते. पटला, तर तो उरलेलं काम लांब नळीसकट पुरं करतो. मादी अंड्यांवर बसली की हे महाशय दुसरा खोपा बांधायला मोकळे, दुसरीसाठी! १९३१ मध्ये हा अभ्यास छापून आला.

बचत गटात मी हे सांगितलं तेव्हा हशा पिकला. एक मावशी म्हणाल्या, म्हणजे पिलांचं शेवटी तिच्याच गळ्यात! खरंच आहे, भरवणं बहुतेक तिलाच.

मला मात्र तिची पारख मोठी वाटते. पाखराला काय कळतं, असं आपण सहज म्हणतो. पुढे अमेरिकेत निकोलस आणि एल्सी कोलियास या जोडप्याने आफ्रिकेतल्या सुगरणी पाळून पाहिलं, तर कोवळ्या नरांचं विणकाम आधी फसतं, सरावाने सुधारतं. ओढ उपजत, पण कसब शिकावंच लागतं. आपल्या पोळ्यांसारखं!

१९३९ मध्ये शस्त्रक्रियेनंतर तहमीना गेल्या. अली खचले, पण थांबले नाहीत. १९४१ मध्ये त्यांचं भारतीय पक्ष्यांवरचं प्रसिद्ध पुस्तक आलं. १९७६ मध्ये पद्मविभूषण मिळालं, २० जून १९८७ ला ते गेले.

पावसाळ्यात खोपा दिसला तर जरा थांबा. डोकं पिवळंधमक असेल तो बांधणारा. फिकी, चिमणीसारखी दिसेल ती तपासायला आलेली.