लहान्या भिकू का बोलत नाही?

विजय तेंडुलकरांचे नाव निघाले की आपल्या कार्यकर्त्यांना 'कन्यादान' आठवते आणि राग येतो. तो राग रास्त आहे. मला मात्र वकील म्हणून आधी 'आक्रोश' आठवतो.

६ जानेवारी १९२८ रोजी कोल्हापुरात जन्मलेल्या तेंडुलकरांची शाळा १९४२ च्या आंदोलनात सुटली. पुढे पत्रकारिता आणि गाजलेली नाटके. १९७५ पासून बेनेगल, जब्बार पटेल, निहलानी यांच्यासाठी पटकथा. 'मंथन'च्या पटकथेला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. 'निशांत' तेलंगणातल्या जमीनदारीवर आहे. आमचे इस्लापूर १९५६ पर्यंत आदिलाबाद जिल्ह्यातच होते, त्यामुळे तो वाडा आम्हाला परका वाटत नाही.

'आक्रोश' १९८० चा. लहान्या भिकू या आदिवासीवर स्वतःच्या बायकोच्या, नागीच्या खुनाचा आरोप. तिच्यावर अत्याचार करणारे गावचे प्रतिष्ठित, तेच मोकळे. बचावाचा वकील भास्कर कुलकर्णी विचारून थकतो, लहान्या तोंड उघडत नाही. पटकथाकाराने त्याला जवळपास संवादच दिलेले नाहीत. मनाच्या आजारावर चित्रपट पुष्कळ निघतात. तेंडुलकरांच्या लहान्याला कसलाही आजार नाही, त्याला सगळ्यांनी मिळून एकटे पाडले आहे. सरकारी वकील दुसाने स्वतः आदिवासी. त्याला निनावी फोनवर जातीवरून शिव्या येतात, तो त्या गिळतो आणि सकाळी काळा कोट चढवून लहान्याविरुद्ध उभा राहतो. शेवटी बापाच्या अंत्यविधीला बेड्यांत आणलेला लहान्या कुऱ्हाडीने बहिणीला मारतो, तिची नागी होऊ नये म्हणून. मग ओरडतो.

किनवट तालुक्यातले गोंड, कोलाम पक्षकार माझ्यापुढे असेच बसतात. नाव विचारले तर सांगतात, घटना विचारली की जमिनीकडे पाहतात. सुरुवातीच्या वर्षांत मी त्यांच्यावर चिडत असे. त्यांना बोलण्याची किंमत माझ्यापेक्षा जास्त ठाऊक होती, हे उशिरा कळले.

आता १९८३ च्या 'कन्यादान'कडे या. दलित कवी अरुण आठवले ब्राह्मण बायकोला मारतो. मारहाणीचे समर्थन कोणी करू नये, मीही करत नाही. पण अरुणच्या मनात काय साचले आहे ते त्याच्या तोंडी चार वाक्यांत उरकते आणि प्रेक्षक घरी नेतो ते समाजवादी सासऱ्याचे दुःख. लहान्याच्या मौनाला ज्या लेखकाने अख्खा चित्रपट दिला, त्याने अरुणला तेवढा वेळ दिला नाही. १९९३ चा सरस्वती सन्मान त्यांना मिळाला तो याच नाटकासाठी. १९ मे २००८ रोजी पुण्यात ते गेले, तेव्हाही आमचा हा हिशेब उघडाच होता.