स्टुडिओची राख झाली, पण सिनेमा थांबला नाही : कोण होते भालजी पेंढारकर?

कोल्हापूरचा जयप्रभा स्टुडिओ विकला गेल्याची बातमी २०२२ मध्ये आली आणि कलाकार-तंत्रज्ञांनी आंदोलन सुरू केले. एका जुन्या वास्तूसाठी एवढी तळमळ का? त्याचे उत्तर भालजी पेंढारकर यांच्या आयुष्यात सापडते.

सुरुवात कशी झाली?
भालजींचा जन्म कोल्हापूरचा. पुण्यात ‘केसरी’त काम, काही काळ लष्करात नोकरी, मग नाटकलेखन असा प्रवास करत ते मूकपटांकडे वळले. ‘वंदे मातरम् आश्रम’ हा त्यांचा मूकपट ब्रिटिश सेन्सॉरच्या कात्रीत सापडला. १९३२ चा ‘श्यामसुंदर’ मात्र मुंबईत २५ आठवड्यांहून अधिक चालला.

जयप्रभा त्यांच्याकडे कसा आला?
राजर्षी शाहू महाराजांचा जन्म कसबा बावड्यातला. कलेला आश्रय देण्याची त्यांची परंपरा पुत्र राजाराम महाराजांनी पुढे चालवली आणि १९३३ मध्ये ‘कोल्हापूर सिनेटोन’ उभी राहिली. तिचा ‘आकाशवाणी’ हा बोलपट भालजींनीच दिग्दर्शित केला. पुढे १९४० च्या दशकात हाच स्टुडिओ त्यांनी घेतला, तोच जयप्रभा. कथा, संवाद, दिग्दर्शन आणि निर्मिती अशी सगळी सूत्रे आता त्यांच्याच हाती होती. ‘वाल्मिकी’साठी पृथ्वीराज आणि राज कपूर कोल्हापुरात आले.

१९४८ मध्ये काय घडले?
गांधीहत्येनंतर उसळलेल्या दंगलीत स्टुडिओला आग लावण्यात आली. ‘मीठभाकर’ चित्रपटही त्यात जळाला. भालजींनी तो पुन्हा चित्रित केला आणि १९४९ मध्ये पडद्यावर आणला. १९५२ मध्ये ‘छत्रपती शिवाजी’ आला. पण कर्जाचा डोंगर वाढतच गेला. अखेर स्टुडिओ लता मंगेशकर यांनी विकत घेतला. मालकी गेली, तरी भालजींचे काम तिथेच सुरू राहिले.

त्यांनी मागे काय ठेवले?
‘मोहित्यांची मंजुळा’, ‘मराठा तितुका मेळवावा’, ‘साधी माणसं’ आणि ‘तांबडी माती’ हे चित्रपट त्यानंतरचे. या चारही चित्रपटांना लतादीदींनी ‘आनंदघन’ या नावाने संगीत दिले. सुलोचनादीदींना पडद्यावरचे नाव भालजींनी दिले, तर दादा कोंडके ‘तांबडी माती’तून पडद्यावर आले.

भालजींना १९९१ चा दादासाहेब फाळके पुरस्कार मिळाला. २६ नोव्हेंबर १९९४ रोजी त्यांचे निधन झाले. मुंबईच्या भांडवलावर अवलंबून न राहता आपल्या गावात, आपल्या भाषेत सिनेमा करता येतो, हे त्यांनी दाखवून दिले; त्याची किंमतही स्वतःच मोजली. म्हणूनच जयप्रभा ही कोल्हापूरकरांसाठी नुसती जागा नाही.