स्मिता पाटील : एक अपुरी भूमिका

नंदुरबार आणि शिरपूर हे तालुके १९९८ पर्यंत एकाच धुळे जिल्ह्यात नांदत होते. त्या शिरपूरचे नेते शिवाजीराव पाटील आणि समाजसेविका विद्याताई यांची कन्या स्मिता हिचा जन्म १७ ऑक्टोबर १९५५ रोजी पुण्यात झाला. मुंबई दूरदर्शनवर मराठी बातम्या देणाऱ्या या सावळ्या तरुणीतील अभिनेत्री श्याम बेनेगल यांनी हेरली. गोरेपण आणि नटवेपण हीच नायिकेची पात्रता मानली जाण्याचा तो काळ! ‘मंथन’मधील बिंदू, ‘जैत रे जैत’मधील ठाकर समाजातील चिंधी, ‘चक्र’मधील झोपडपट्टीवासी अम्मा, ‘उंबरठा’तील सुलभा महाजन या भूमिकांतून तिने कष्टणाऱ्या, विचार करणाऱ्या स्त्रीला पडद्यावर प्रतिष्ठा दिली. ‘भूमिका’ आणि ‘चक्र’ यांसाठी तिला राष्ट्रीय पुरस्कार लाभले. १९८५ मध्ये ‘पद्मश्री’ने तिचा गौरव झाला.

पुत्रजन्मानंतर अवघ्या पंधरवड्यात, १३ डिसेंबर १९८६ रोजी, बाळंतपणानंतर उद्भवलेल्या आजाराने ती गेली. वय होते केवळ ३१. मुंबईसारख्या महानगरात, वैद्यकीय साधने हाताशी असूनही हे घडले. मग सातपुड्याच्या पाड्यांवरून झोळीत घालून दवाखान्याची वाट चालावी लागणाऱ्या बाळंतिणीचे काय? तिने पडद्यावर साकारल्या त्या याच स्त्रिया. त्यांचे बाळंतपण सुखरूप होईल अशी व्यवस्था उभी करणे, यापरते तिचे दुसरे उचित स्मारक कोणते?