चुनीबाला देवी : उशिरा मिळालेला मान

'पथेर पांचाली' पाहिलेल्या कुणालाही इंदिर ठाकरुन विसरता येत नाही. वाकलेली कंबर, दात नसलेले तोंड, फाटके लुगडे आणि घासभर अन्नासाठी ऐकून घेतलेली बोलणी. ही निराधार म्हातारी साकारणाऱ्या चुनीबाला देवींचे नाव मात्र आपल्यापैकी अनेकांना ठाऊक नसते.

चुनीबाला बंगाली रंगभूमीच्या जुन्या नटी होत्या. तो काळ समजून घेतला पाहिजे. घरंदाज म्हणवणाऱ्या घरांतल्या बायका रंगमंचावर येत नसत. 1873 मध्ये कोलकात्याच्या बेंगॉल थिएटरने वेश्यावस्तीतल्या स्त्रियांना भूमिका दिल्या, तेव्हा विधवांच्या पुनर्विवाहासाठी लढलेले ईश्वरचंद्र विद्यासागरही त्या नाट्यसंस्थेपासून दूर झाले. पुढे नाटक पाहायला प्रतिष्ठित समाज गर्दी करत राहिला, पण नटीवरचा कलंक पुसला गेला नाही. चुनीबालांची पिढी याच वातावरणात काम करत होती. 1930 च्या दशकात त्यांनी एकदोन चित्रपट केले आणि नंतर त्या विस्मरणात गेल्या.

सत्यजित राय त्यांच्यापर्यंत पोहोचले, तेव्हा त्या कोलकात्याच्या वेश्यावस्तीत राहत होत्या. वय ऐंशीच्या घरात. स्मरणशक्ती पाहण्यासाठी राय यांनी एक बालगीत म्हणायला सांगितले. बाईंनी ते त्यांना माहीत होते त्याहून लांब म्हणून दाखवले. रोजचे 20 रुपये ठरले. पैशांअभावी चित्रीकरण वारंवार थांबे, तरी बाईंची तयारी मोडली नाही. इंदिरची अंत्ययात्रा चित्रित करताना त्या स्वतः तिरडीवर झोपल्या. चित्रपटात ऐकू येणारे म्हातारीचे गाणेही त्यांच्याच आवाजातले आहे.

1955 मध्ये चित्रपट प्रदर्शित होण्याआधीच त्या गेल्या. 1956 मध्ये कान महोत्सवात चित्रपटाचा गौरव झाला, तो पाहायला त्या नव्हत्या.

आम्हाला यातून एक प्रश्न विचारावासा वाटतो. समाज स्त्रीची कला हवीशी मानतो आणि तिलाच वेशीबाहेर ठेवतो, हे सुधारकांनाही का खटकले नाही? तमाशातल्या कलावंत स्त्रियांचे हाल पाहिलेल्या आपल्या वस्त्यांना हा प्रश्न नवा नाही. माणसाची किंमत जन्मावरून वा वस्तीवरून ठरत नाही, असे आपण बुद्धाच्या शिकवणुकीतून म्हणतो. मग कलावंत स्त्रीला तिच्या हयातीत, तिच्या नावानिशी मान आणि म्हातारपणी आधार मिळावा, यासाठी आपणच पुढे व्हायला हवे.