वीस रुपयांचा हिशेब

अंधेरी पश्चिमेला 'डी. एन. नगर' या नावाची वसाहत आहे आणि मेट्रोचे त्याच नावाचे स्थानकही आहे. तेथे रोज चढणाऱ्या-उतरणाऱ्या हजारोंपैकी या दोन अक्षरांचा उलगडा किती जणांना असेल, याची शंकाच वाटते. ही आद्याक्षरे दादाभाई नौरोजी यांची. तेथून फार लांब नसलेल्या वेसाव्याच्या किनाऱ्यावर या पुरुषाने आयुष्याची अखेरची वर्षे काढली.

4 सप्टेंबर 1825 रोजी जन्मलेल्या दादाभाईंचे वडील ते चार वर्षांचे असतानाच वारले. मातेने, माणेकबाईंनी, त्यांना वाढविले. शुल्क भरावे न लागणारी शाळा मिळाली म्हणूनच त्यांचे शिक्षण झाले आणि पुढे एल्फिन्स्टन संस्थेत गणिताचे प्राध्यापकपद लाभलेले ते पहिले भारतीय ठरले. 1851 मध्ये मुंबईत पारशी व मुसलमान समाजांत दंगा उसळला. त्या उद्रेकानंतर थोड्याच दिवसांत त्यांनी 'रास्त गोफ्तार' हे गुजराती पत्र काढले. खर्चाचा भार खरशेदजी कामा यांनी उचलला. आरंभी अंक फुकट वाटले जात आणि संपादक वेतन घेत नसे. समाजाची कानउघाडणी करणारे पत्र वर्गणीदारांच्या मर्जीवर चालत नाही, हे त्या तरुणाने ओळखले होते.

1855 मध्ये ते कामा यांच्या पेढीचे भागीदार म्हणून विलायतेस गेले. अफू व मद्याच्या व्यापारातील नफा त्यांना मानवला नाही. त्यांनी भागीदारी सोडली व कापसाची स्वतःची पेढी काढली. अमेरिकेतील यादवी युद्ध संपताच कापसाचे भाव कोसळले आणि ही पेढीही अडचणीत आली.

त्यांचे खरे कार्य मात्र 1876 मध्ये मांडलेल्या हिशेबात आहे. सरकारी अहवालांतूनच त्यांनी प्रांतवार लागवडीचे क्षेत्र, एकरी उतारा व बाजारभाव घेतले; बियाणे वजा केले; मीठ, अफू, कोळसा व कारखानदारी यांची भर घातली आणि अनुल्लेखित बाबींसाठी ढोबळ रक्कमही मिळविली. ब्रिटिश हिंदुस्थानचे एकूण उत्पन्न 34 कोटी पौंड व लोकसंख्या 17 कोटी. म्हणजे दरडोई 2 पौंड, वर्षाला 20 रुपये. तुरुंगातील कैद्याच्या अन्नवस्त्रावर अनेक प्रांतांत याहून अधिक खर्च होत असे! या पद्धतीत सेवांना स्थान नव्हते, आणि आजच्या विद्यार्थ्याने अशी उत्तरपत्रिका लिहिली तर त्याचे गुण कापले जातील, हे मान्य केलेच पाहिजे. परंतु राज्यकर्त्यांच्याच आकड्यांनी राज्यकर्त्यांना पेचात पकडण्याचे हे शास्त्र त्यांनीच घडविले. 1882 मध्ये सरकारी अधिकाऱ्यांनी 27 रुपयांचा अंदाज पुढे केला, 1901 मध्ये लॉर्ड कर्झन यांनी 30 रुपयांचा. दारिद्र्य हा वादाचा विषय उरला नाही; वाद उरला तो दहा रुपयांचा.

एवढे सांगूनही ऐकणारा कोणी नाही, म्हणून हा पत्रकार राजकारणात उतरला. बडोद्याची दिवाणगिरी, मुंबई महापालिका, 1886 मधील काँग्रेसचे अध्यक्षपद या पायऱ्या झाल्या. त्याच साली लंडनमधील होबर्न मतदारसंघात ते पराभूत झाले. 1888 मध्ये पंतप्रधान लॉर्ड सॅलिस्बरी यांनी त्यांच्या कातडीच्या रंगावरून अनुदार उद्गार काढले, आणि त्यामुळे दादाभाईंचे नाव ब्रिटनभर झाले. 1892 मध्ये मध्य फिन्सबरीतून लिबरल पक्षातर्फे ते अवघ्या पाच मतांनी निवडून आले.

सनदी नोकरीची परीक्षा इंग्लंडप्रमाणेच हिंदुस्थानातही एकाच वेळी घ्यावी, असा ठराव जून 1893 मध्ये लोकसभागृहात 84 विरुद्ध 76 मतांनी संमत झाला. सरकारने तो अमलात आणला नाही. सभागृहाचा ठरावही कागदावर राहू शकतो, हा धडा विश्वासू दादाभाईंना फार महाग पडला असावा. 1895 मध्ये ते पराभूत झाले, 1906 मध्ये पुन्हा एकदा. आणि त्याच वर्षाच्या अखेरीस कलकत्त्याच्या अधिवेशनात अध्यक्षपदावरून या नेमस्ताने स्वराज्याची मागणी केली.

1907 मध्ये ते मायदेशी परतले आणि वेसाव्यास राहू लागले. 1916 मध्ये मुंबई विद्यापीठाने त्यांना सन्माननीय पदवी दिली. 30 जून 1917 रोजी त्यांचे निधन झाले. सनदी परीक्षा हिंदुस्थानात, अलाहाबादेस, प्रथम घेतली गेली ती 1922 मध्ये.