दरबारातला दुसरा नंबर : मिर्झा गालिब

मिर्झा गालिब यांचे दोन-चार शेर आपल्याकडे कुणाला येत नाहीत? मराठी माध्यमात शिकलेल्या, उर्दू लिपी न येणाऱ्या मुलांनाही येतात. म्हणून शेर इथे देत नाही. आम्हाला सांगायची आहे ती त्यांच्या जिंदगीतली एक गोष्ट, जी शेरांच्या गर्दीत मागे राहते. ज्यांना आज आपण उर्दूचे पहिले शायर मानतो, ते हयातीत, आपल्याच दिल्लीत, बरीच वर्षं दुसऱ्या नंबरावर होते. पहिला नंबर शेख इब्राहिम जौक यांचा होता.

जौक यांच्यावर आधी थोडं लिहायला हवं, कारण गालिब यांच्या चाहत्यांनी त्यांना उगाच खलनायक करून टाकलंय. जौक एका गरीब सिपाह्याचे चिरंजीव. ना जहागीर, ना खानदानाचा बडेजाव. बहादूरशहा जफर शहजादे होते तेव्हापासून जौक त्यांचे उस्ताद, आणि त्यांचे शागीर्द मुहम्मद हुसेन आझाद लिहितात की सुरुवातीचा पगार महिना 4 रुपये होता. भाषा साफ, मुहावरा पक्का, मुशायऱ्यात ऐकणाऱ्याला लगेच कळणारा शेर. दिल्लीकरांना ते आवडायचे, यात नवल काही नाही. पहिली जागा त्यांनी मेहनतीने मिळवलेली होती.

गालिब यांचं उलटं. जन्म 27 डिसेंबर 1797, आग्रा. खानदान तुर्की, पेशा सिपाहगिरीचा. पाच वर्षांचे असताना वालिद लढाईत गेले. चाचांनी सांभाळलं, तर 1806 मध्ये तेही गेले. तेराव्या वर्षी उमराव बेगम यांच्याशी निकाह झाला आणि पुढे दिल्ली हेच घर झालं. चाचांच्या वारसांसाठी इंग्रज सरकारने जी पेन्शन ठरवली, तिच्यात गालिब यांच्या वाट्याला वर्षाला 750 रुपये आले, म्हणजे महिना 62 रुपये 8 आणे. त्यांचं म्हणणं होतं की आपला हक्क याहून मोठा आहे आणि वाटणीत आपल्याला फसवलं गेलं. हा दावा घेऊन ते 1826 च्या अखेरीस निघाले आणि कानपूर, लखनऊ, बांदा, बनारस करत फेब्रुवारी 1828 मध्ये कलकत्त्याला पोहोचले. परतले 1829 च्या नोव्हेंबरात. 1831 मध्ये दावा फेटाळला गेला. त्यानंतरही अर्ज करत राहिले, पण ती कोर्टकचेरी शेवटपर्यंत त्यांच्या बाजूने लागली नाही.

घरात सात मुलं झाली. एकही दीड वर्षाची झाली नाही. बेगमच्या भाच्याला, आरिफला, मुलासारखं मानलं. तोही 1852 मध्ये तरुणपणी गेला. त्याची दोन लहान मुलं मग यांनीच वाढवली.

गालिब काही फरिश्ते नव्हते. शराब होती, जुगार होता, आणि जुगारापायी 1847 मध्ये कैद भोगावी लागली. त्या दिवसांत कितीतरी ओळखीच्यांनी तोंड फिरवलं. नवाब मुस्तफा खान शेफ्ता मात्र भेटायला जात राहिले, खर्चही त्यांनी उचलला. दोस्ती अशी असावी.

आता दरबाराकडे येऊ. 1850 मध्ये, म्हणजे वयाच्या त्रेपन्नाव्या वर्षात, बादशहाने गालिब यांना किताब दिला, खिलअत दिली आणि महिना 50 रुपयांवर काम दिलं. काम कुठलं? तैमूरच्या घराण्याचा इतिहास फारसीत लिहायचं. शायरीच्या उस्तादाची गादी जौक यांच्याकडेच राहिली. शहरातल्या सर्वांत बारीक नजरेच्या शायराला तारीख लिहायला बसवलं होतं! गालिब यांनी कुरकुर केली, पण लिहिलं.

मग आला सेहऱ्याचा किस्सा. शहजादा जवां बख्त यांचं लग्न 1852 मध्ये झालं. गालिब यांनी सेहरा लिहून पेश केला. त्याच्या शेवटच्या शेरात असा दावा होता की याहून चांगला सेहरा कुणी म्हणून दाखवावा. बादशहाला वाटलं, हा इशारा आपल्या उस्तादाकडे आहे. जौक यांना सांगण्यात आलं, तुम्हीही लिहा. त्यांनी लिहिला, आणि आझाद यांच्या सांगण्याप्रमाणे गाणाऱ्यांच्या तोंडून तो संध्याकाळपर्यंत गल्लोगल्ली पोहोचला. (आझाद जौक यांचे लाडके शागीर्द, हे वाचताना ध्यानात ठेवावं.) गालिब यांना पद्यातच माफीनामा लिहावा लागला. उस्तादांशी बरोबरी करायचा इरादा नव्हता, असा त्याचा सूर. माफी आहे, पण मान खाली घातलेली दिसत नाही.

जळफळाट झाला नसेल का? झालाच असणार. पण एक गोष्ट त्यांनी केली नाही. पहिल्याची नक्कल केली नाही. लोकांना अवघड वाटतं म्हणून शेर पातळ केला नाही. उलट आपल्याच सुरुवातीच्या कलामातले शेकडो शेर निर्दयपणे काढून टाकले आणि 1841 मध्ये छोटासा उर्दू दीवान छापला. शाळेत आम्ही दरवर्षी बघतो, दुसरा नंबर आलेलं मूल पहिल्याची वही मागायला जातं, आणि पालकच त्याला पाठवतात.

1854 मध्ये जौक यांचा इंतकाल झाला आणि गालिब बादशहाचे उस्ताद झाले. पहिला नंबर मिळाला, पण किती दिवस? 1856 मध्ये त्यांचे शागीर्द असलेले वलीअहद मिर्झा फखरू वारले. त्याच वर्षी अवध इंग्रजांनी घेतलं आणि तिकडचा वजीफा बंद पडला. पुढच्या मे महिन्यात गदर. दरबारच संपला. बादशहा रंगूनला गेला. ज्या गादीसाठी आयुष्यभर वाट पाहिली ती तीन वर्षंही टिकली नाही.

दिल्लीतून मुसलमान बाहेर काढले गेले. गालिब यांची बल्लीमारानची गल्ली पतियाळाच्या राजाच्या पहाऱ्यामुळे वाचली. त्यांचे भाऊ यूसुफ बऱ्याच वर्षांपासून मनाने आजारी होते. ते ऑक्टोबरात गेले, तर बाजारात कफनाचं कापड मिळेना. शेजाऱ्यांनी घरातल्या चादरींत लपेटून जवळच्या मशिदीत दफन केलं. पेन्शन तीन वर्षं अडकली. रामपूरच्या नवाबाने 1859 पासून महिना 100 रुपये सुरू केले, त्यावर चूल चालली.

याच काळात त्यांनी पत्रं लिहिली. सिकंदराबादच्या मुन्शी हरगोपाल तफ्ता यांना, मीर मेहदी मजरूह यांना, कितीतरी जणांना. उर्दूत पत्र लिहिण्याची त्यांची सुरुवात काही वर्षं आधीची, पण उजाड दिल्लीत ती दिवसभराची सोबतच झाली. तोवरच्या पत्रांत मायना आणि लांबलचक विशेषणांतच अर्धा कागद जायचा. गालिब यांनी ते सारं बाजूला सारून समोर बसून बोलल्यासारखं लिहिलं. पाऊस किती झाला, कुठलं घर पाडलं, कोण मेलं, टपाल का उशिरा आलं, आंबे कसे होते. त्यात दुःख आहे आणि त्या दुःखावर स्वतःच केलेली मस्करीही आहे. आमच्या मते त्यांच्या शायरीइतकंच हे मोठं काम. इथे मुशायरा नव्हता, उस्ताद नव्हता, कुणाशी बरोबरी नव्हती. आजचं उर्दू गद्य त्या वाटेने आलंय.

पत्रांचा पहिला संग्रह 1868 मध्ये छापला गेला. दुसऱ्याची छपाई चालू होती. 15 फेब्रुवारी 1869 रोजी गालिब यांचा इंतकाल झाला आणि त्यानंतर महिनाभरात ते पुस्तक बाहेर आलं.

त्यांची कबर निजामुद्दीनमध्ये आहे, लोक फुलं घेऊन जातात. जौक यांची कबर पहाडगंजला. तिच्या जागेवर महापालिकेने मुताऱ्या बांधल्या होत्या. कोर्टात जावं लागलं तेव्हा त्या हटल्या. मुलांना दिल्ली दाखवायला नेलंत तर निजामुद्दीनला जालच. पहाडगंजलाही जा, आणि दोघांसाठी फातेहा पढा.