दिवाळे आणि आत्मशोध : श्रीतुकाराम महाराज

आपल्या ज्ञातीतील पुष्कळ कुटुंबे पिढ्यान्‌पिढ्या व्यापारउदीम करीत आली आहेत. दुकानास खोट आली म्हणजे पैशाबरोबर मनुष्याचा स्वतःवरील विश्वासही खचतो, हे आपण जाणतोच. अशा वेळी देहूच्या तुकोबारायांचे चरित्र आम्हांस फार जवळचे वाटते.

तुकोबांच्या घरी महाजनकी, दुकान व सावकारी होती. वडील बंधू सावजी विरक्त वृत्तीचे. म्हणून व्यापाराचा भार कोवळ्या वयातच तुकोबांवर आला. पुढे मातापितरांचे छत्र हरपले. इ. स. १६३० च्या सुमारास दख्खनेत भीषण दुष्काळ पडला. त्यात दिवाळे निघाले, प्रथम पत्नी रखमाबाई अन्नावाचून गेल्या, पुत्र संतूही गेला. गावातील पत उरली नाही.

सारा दोष काळावर टाकून मोकळे होणे अशक्य नव्हते. तुकोबांनी तसे केले नाही. भामचंद्र व भंडारा या डोंगरांवर एकान्तात बसून त्यांनी आपलेच मन तपासले, आणि आपली फजिती व उणिवा पुढे अभंगांत निःसंकोचपणे सांगितल्या. त्यांनी हातही स्वस्थ ठेवले नाहीत. पडझड झालेले वडिलोपार्जित विठ्ठलमंदिर त्यांनी नीट केले. कीर्तनासाठी पूर्वीच्या संतांची वचने पाठ केली.

महीपतींनी लिहिलेल्या चरित्रात एक प्रसंग आहे. कर्जखते इंद्रायणीत बुडविताना तुकोबांनी निम्मी खते धाकटे बंधू कान्होबा यांच्या वाट्यास दिली व फक्त आपली बुडविली. स्वतःस उमगलेला मार्ग त्यांनी भावावर लादला नाही. खऱ्या आत्मज्ञानाची हीच खूण होय, असे आम्ही समजतो.

या शोधाने घरची ओढगस्त मात्र संपली नाही. तिची झळ द्वितीय पत्नी जिजाईंनी सोसली. पतीसाठी भाकरी घेऊन त्या डोंगर चढत, अशी परंपरा सांगते. इ. स. १६५० मध्ये तुकोबांनी देहू सोडून वैकुंठगमन केले, तेव्हा संसार पुन्हा त्यांच्याच माथी आला.

आपल्या घरातील एखाद्या तरुणाचा धंदा बसला, तर त्यास नादान ठरविण्याची घाई आपण करू नये. स्वतःस ओळखण्यास त्यास अवसर द्यावा. आणि त्या काळात घराची चूल पेटती ठेवणाऱ्या माउलीचे ऋणही विसरू नये, एवढीच ज्ञातिबंधुभगिनींस आमची विनंती आहे.